कागद हजर झाला, शाबीत झाला नाही: बँकेच्या शिपायाच्या बडतर्फीचे प्रकरण

पंजाब नॅशनल बँकेच्या एका शाखेतून ड्राफ्टचे पुस्तक गहाळ झाले. पोलिसांत फिर्याद गेली. तपासात शाखेतल्या शिपायाचे नाव आले आणि पोलिसांच्या कागदपत्रांत त्याचा कबुलीजबाब लागला. तो कबुलीजबाब मारहाण करून, जबरदस्तीने घेतला, असे त्याचे म्हणणे होते. फौजदारी न्यायालयाने त्याला आरोपमुक्त केले. खातेनिहाय चौकशीत मात्र तेच कागद पुढे करून त्याला दोषी धरले आणि त्याची नोकरी गेली. उच्च न्यायालयात यश आले नाही. डिसेंबर २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्या. एस. बी. सिन्हा आणि न्या. सिरियॅक जोसेफ यांच्या पीठाने ती शिक्षा रद्द केली. 'रूपसिंग नेगी विरुद्ध पंजाब नॅशनल बँक' या नावाने तो निकाल २००९ च्या एससीसीच्या (सुप्रीम कोर्ट केसेस या निकालसंग्रहाच्या) दुसऱ्या खंडात पान ५७० वर आहे.

बँक कर्मचाऱ्यांच्या शिस्तभंग प्रकरणांत हा निकाल आज जवळजवळ प्रत्येक बचाव-टिपणात उद्धृत होतो. बरेचदा चुकीच्या जागी होतो आणि म्हणून उपयोगी पडत नाही. प्रकरणात नेमके काय हुकले होते ते बघितले, की कोणत्या जागी तो चालतो हेही कळते.

चौकशीत काय झाले

व्यवस्थापनाचे साक्षीदार आले आणि त्यांनी पोलीस तपासातले कागद चौकशी अधिकाऱ्यापुढे ठेवले. बस, एवढेच. कागदातला मजकूर खरा आहे असे स्वतःच्या माहितीवरून सांगणारा एकही साक्षीदार तपासला गेला नाही. न्यायालयाने म्हटले, की पोलिसांनी तपासात गोळा केलेली सामग्री ही आपोआप खातेनिहाय चौकशीतला पुरावा होत नाही. साक्षीदारांनी कागद फक्त हजर केले, त्यांतला मजकूर शाबीत केला नाही.

चौकशी अहवालाचा सूर त्याहून बोलका होता. गुन्हा अशा चलाखीने केला, की पुरावा मागे राहिलाच नाही, असे गृहीत धरून अधिकारी दोषापर्यंत पोचला होता. पुरावा नाही हीच गोष्ट जर दोषाची खूण मानायची, तर निर्दोष माणसाने बचाव करायचा तरी कशाचा? न्यायालयाने यावरून निष्कर्ष काढला, की अधिकाऱ्याने आधीच मन बनवले होते. संशय कितीही गडद असला तरी तो पुराव्याची जागा घेऊ शकत नाही, हे तत्त्व इथे पुन्हा मांडले गेले.

आणखी दोन गोष्टी बँकेला नडल्या. कबुलीजबाबावर भिस्त ठेवायची, तर त्याच सामग्रीवर फौजदारी न्यायालयाने दिलेला आरोपमुक्तीचा आदेश विचारात का घेतला नाही, याचे उत्तर नव्हते. शिवाय शिस्तभंग अधिकारी आणि अपील अधिकारी या दोघांच्याही आदेशांत कारणे नव्हती. माणसाची रोजीरोटी जाते आहे तिथे 'अहवाल पाहिला, सहमत आहे' एवढ्यावर भागत नाही.

इथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. भारतीय पुरावा कायदा, किंवा १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी आलेला साक्ष अधिनियम, खातेनिहाय चौकशीला जसाच्या तसा लागू होत नाही. नेगी निकालही तसे म्हणत नाही. शाबितीचे माप 'निःसंशय सिद्ध' हे नसून 'जास्त शक्य काय' एवढेच असते. पण ते माप लावायला तराजूत काहीतरी पुरावा पडावा लागतो.

अशा आरोपात बँकेने काय शाबीत करायला हवे

ड्राफ्टचे कोरे पुस्तक म्हणजे सिक्युरिटी फॉर्म, म्हणजे हिशेबाने आणि कुलपात जपायचा कोरा छापील कागद. ते नोंदवहीत अनुक्रमांकासह चढते, संयुक्त ताब्यात राहते, दोन अधिकाऱ्यांच्या किल्ल्यांशिवाय बाहेर येत नाही. वापरात असलेले पुस्तक सकाळी काढतात, संध्याकाळी शेवटचा वापरलेला आणि पहिला कोरा क्रमांक ताडून परत ठेवतात. म्हणजे पुस्तक गेले असेल तर पहिले प्रश्न असे: शेवटची शिल्लक-पडताळणी कोणत्या तारखेची, त्यावर सह्या कोणाच्या, किल्ली-नोंदवहीत त्या दिवशी किल्ल्या कोणाकडे, आणि पुस्तक नाही हे पहिल्यांदा कोणाच्या लक्षात आले. शिपायाकडे यांतली एकही किल्ली नसते. त्याने ते उचलले असे म्हणायचे असेल, तर ते केव्हा आणि कोणाच्या ताब्यातून उघड्यावर होते हे सांगणारा साक्षीदार लागतो. तो म्हणजे ताबेदार अधिकारी. अशा प्रकरणांत नेमका हाच साक्षीदार बँक यादीत घालत नाही, कारण त्याच्या उलटतपासात त्याचीच हलगर्जी बाहेर येते. बचाव प्रतिनिधीने आरोपपत्र हातात आल्यावर साक्षीदारांच्या यादीत आधी हे नाव शोधावे. नसेल तर त्या अधिकाऱ्याला बचावाचा साक्षीदार म्हणून बोलवायची घाई करू नये. आपण बोलावलेल्या साक्षीदाराचा उलटतपास आपल्याला घेता येत नाही, आणि त्याची गैरहजेरी लेखी युक्तिवादात जास्त कामाला येते.

चौकशीची पहिली बैठक

बहुतेक प्रकरणे इथेच हातची जातात. पहिल्या बैठकीत चौकशी अधिकारी आरोप वाचून दाखवतो, कबूल की नाकबूल विचारतो. मग सादरकर्ता अधिकारी, म्हणजे बँकेची बाजू मांडणारा, कागदांचा गठ्ठा देतो आणि त्यांवर एमई-१, एमई-२ (व्यवस्थापनाचा पुरावा क्र. १, २) असे क्रमांक पडतात. रोजनाम्यात एक निरुपद्रवी वाक्य टंकलेले असते: 'कागदपत्रे बचाव पक्षाने पाहिली, हरकत नाही.' त्याखाली आरोपित कर्मचारी आणि त्याचा प्रतिनिधी सही करतात. दोन वर्षांनी नेगी निकाल घेऊन न्यायालयात गेल्यावर बँकेचा वकील हेच वाक्य दाखवतो. ज्या कागदाला हरकत नव्हती तो शाबीत करायची गरजच काय, असा त्याचा बिनतोड सवाल असतो.

म्हणून प्रत्येक कागदासमोर वेगळी नोंद मागावी. कर्मचाऱ्याच्या स्वतःच्या सहीची व्हाउचरे, हजेरीपत्रक, नेमणुकीचे आदेश हे मान्य करून टाकावेत. सगळेच नाकारले की विश्वासार्हता जाते. पोलिसांचे जबाब, प्राथमिक तपास अहवाल, ग्राहकांच्या तक्रारी, हस्ताक्षरतज्ज्ञाचे मत यांच्याबाबत 'कागद ओळखीपुरता घ्यावा, मजकूर नाकबूल, लिहिणाऱ्याला तपासावे' अशी नोंद रोजनाम्यातच करून घ्यावी. अधिकारी नोंदवायला तयार नसेल तर त्याच दिवशी त्याला ईमेल करावा आणि पुढच्या बैठकीत त्याची प्रत नोंदीवर घ्यायला लावावी. संगणकातून काढलेली खात्याची छापील प्रत असेल, तर बँकर्स बुक्स एव्हिडन्स अधिनियम, १८९१ खालचे प्रमाणपत्र जोडले आहे का ते पाहावे. नसले म्हणून चौकशी पडत नाही, पण कोणत्या वापरकर्त्याच्या आयडीवरून नोंद पडली हा प्रश्न विचारायला वाट मिळते.

लपवलेले कागद मागतानाही पद्धत आहे. 'सर्व संबंधित कागद द्या' हा अर्ज फेटाळला जातो आणि ते योग्यच असते. कागदाचे नाव, तारीख, तो कोणाच्या ताब्यात आहे, आणि कोणत्या आरोपाच्या बचावाला का लागतो, असा तक्ता द्यावा. कारण स्टेट बँक ऑफ पटियाला विरुद्ध एस. के. शर्मा या १९९६ च्या निकालापासून न्यायालये प्रत्येक प्रक्रियादोषापुढे विचारतात, की यामुळे नुकसान काय झाले? त्याचे उत्तर नंतर रचता येत नाही. ते अर्जातच असावे लागते.

प्रतिनिधी कोण हेही आधी ठरवावे. कारकून आणि शिपाई वर्गाला बँका आणि कर्मचारी संघटना यांच्यातल्या १० एप्रिल २००२ च्या द्विपक्षीय समझोत्याप्रमाणे नोंदणीकृत संघटनेचा प्रतिनिधी मिळतो. वकील बँकेच्या परवानगीनेच. पण बँकेने सादरकर्ता म्हणून कायद्याचा जाणकार बसवला आणि कर्मचाऱ्याला वकील नाकारला, तर मुंबई पोर्ट ट्रस्टच्या नाडकर्णी प्रकरणातला १९८३ चा निकाल दाखवता येतो. तो दाखवून केलेली मागणी लेखी हवी.

कबुली कोणापुढे दिली

नेगी प्रकरणात कबुली पोलिसांपुढची होती. हे विसरून जे बचाव उभे राहतात ते पडतात. तुलनेसाठी १९८२ चे जे. डी. जैन विरुद्ध स्टेट बँक हे प्रकरण बघावे. ग्राहकाच्या खात्यातून जादा रक्कम काढल्याचा आरोप होता. ग्राहकाला साक्षीला बोलावलेच नाही. तरी कर्मचाऱ्याविरुद्धचा निष्कर्ष टिकला, कारण त्याने बँकेच्याच अधिकाऱ्यांपुढे कबुली दिली होती. ऐकीव पुराव्याला खातेनिहाय चौकशीत सरसकट बंदी नाही, हे न्यायालयाने तिथे स्पष्ट केले.

व्यवहारात ही कबुली कशी तयार होते ते सांगायला हवे. दक्षता अधिकारी शाखेत येतो. संध्याकाळी केबिनमध्ये बोलावतो. 'पैसे भरून टाक, प्रकरण इथेच मिटेल' असे वरिष्ठच समजावतात. कर्मचारी रक्कम भरतो आणि सोबत 'माझ्याकडून चूक झाली, कृपया दयाबुद्धीने विचार व्हावा' असे पत्र स्वतःच्या अक्षरात लिहून देतो. प्रकरण मिटत तर नाहीच. ते पत्र एमई-१ होते. रक्कम भरायचीच असेल तर पावतीसोबतच्या पत्रात 'आरोप मान्य न करता, हक्क राखून, बँकेच्या लेखी मागणीवरून' असे लिहावे. दबावाखाली पत्र दिले असेल तर माघार दोन-चार दिवसांत, नोंदणीकृत टपालाने किंवा ईमेलने घ्यावी. दीड वर्षाने आरोपपत्राच्या उत्तरात घेतलेली माघार कोणी मानत नाही.

आरोपपत्रालाच आव्हान द्यावे का

आरोपपत्र मिळाले की उच्च न्यायालयात धाव घ्यावी, हा पहिला सल्ला बहुधा कॅन्टीनमधून येतो. कुनिसेट्टी सत्यनारायण प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितले, की आरोपपत्राने कोणाचा हक्क गेलेला नसतो. चौकशीत माणूस निर्दोषही ठरू शकतो. त्यामुळे अशी याचिका सहसा अकाली ठरते. 'आरोप खोटे आहेत' हे तिथे ऐकलेच जात नाही.

अपवाद मोजके आहेत, पण पक्के आहेत. आरोपपत्र देणाऱ्याला अधिकारच नसणे, हा पहिला. दुसरा निवृत्तीचा: युको बँक विरुद्ध राजिंदरलाल कपूर या २००७ च्या निकालाने ठरवले, की नुसत्या कारणे दाखवा नोटिशीने कार्यवाही सुरू होत नाही, आरोपपत्र द्यावे लागते, आणि ते सेवेत असतानाच दिलेले हवे. नोव्हेंबर २०२४ मध्ये स्टेट बँकेच्या नवीनकुमार सिन्हा प्रकरणात हाच मुद्दा कर्मचाऱ्याच्या बाजूने पुन्हा लागला. मात्र पेन्शनधारकाने यावर निर्धास्त राहू नये. १९९५ च्या पेन्शन विनियमांखाली बँकेचे आर्थिक नुकसान पेन्शनमधून वसूल करण्यासाठी निवृत्तीनंतरही कार्यवाही सुरू करता येते, फक्त घटना ४ वर्षांहून जुनी नको. तिसरा अपवाद विलंबाचा. युको बँक विरुद्ध राजेंद्र शंकर शुक्ला (२०१८) मध्ये सुमारे ७ वर्षांचा उशीर बँकेला महागात पडला. पण उशीर मोजायचा तो बँकेला गोष्ट कळली त्या दिवसापासून, घटना घडल्यापासून नव्हे. अंतर्गत लेखापरीक्षणाच्या अहवालाची तारीख म्हणूनच मोलाची. चौथा, आरोपपत्राची भाषाच 'तू हे केले आहेस, शिक्षा का करू नये' अशी असेल तर. त्यासाठी ओरिक्स फिशरीजचा २०१० चा निकाल आहे.

फौजदारी खटला चालू असेल तर चौकशी थांबवावी का, हा वेगळा विषय. कारकुनांच्या समझोत्यात त्यावर स्वतंत्र कलम आहे: गुन्हा घडल्यापासून एका वर्षात खटला उभा राहिला नाही, तर बँक स्वतः चौकशी करू शकते. नीलम नाग प्रकरणात (२०१६) सर्वोच्च न्यायालयाने बेमुदत स्थगिती मानली नाही. खटल्याला एक वर्षाची मुदत घालून दिली आणि तेवढ्यात तो संपला नाही तर चौकशी पुढे चालू द्यावी असे सांगितले. स्थगिती मागण्याआधी विचार करावा: निलंबनात आणखी दोन वर्षे निर्वाह भत्त्यावर काढायची तयारी आहे का?

अहवाल आल्यानंतर

चौकशी अहवालाची प्रत शिक्षेआधी मिळालीच पाहिजे. १९९३ च्या ईसीआयएल विरुद्ध करुणाकर निकालापासून हे पक्के आहे. अहवाल बाजूने असेल तरी निश्चिंत होऊ नये. पंजाब नॅशनल बँक विरुद्ध कुंजबिहारी मिश्रा या १९९८ च्या प्रकरणात करन्सी चेस्टमधल्या (नोटांच्या तिजोरीतल्या) तुटीवरून अधिकाऱ्यांवर कारवाई झाली. चौकशी अधिकाऱ्याचा निष्कर्ष शिस्तभंग अधिकाऱ्याने म्हणणे न ऐकताच फिरवला आणि शिक्षा दिली. मतभेदाची तात्पुरती कारणे आधी कळवावीत, उत्तर घ्यावे, मगच निष्कर्ष नोंदवावा, असा दंडक त्यातून आला. तसेच केंद्रीय दक्षता आयोगाचा सल्ला वाचून शिक्षा दिली आणि तो सल्ला कर्मचाऱ्याला दाखवला नाही, तर स्टेट बँक विरुद्ध डी. सी. अगरवाल (१९९३) लागू पडते.

अपिलाची मुदत ४५ दिवस. नेगी मुद्दा अपिलातच मांडावा, तोही ढोबळपणे नव्हे. 'आरोप क्र. २ चा निष्कर्ष एमई-५ वर आधारलेला आहे. एमई-५ लिहिणाऱ्याला तपासलेले नाही. अमुक तारखेच्या रोजनाम्यात पान ३ वर हरकत आहे' असा. अपील अधिकाऱ्याने त्याला उत्तर दिले नाही, तर आदेश कारणांविना आहे हे आपोआप दिसते.

कोणत्या दारात जायचे

अधिकारी वर्गाला सार्वजनिक बँकेविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय. शिपाई-कारकुनांना त्याखेरीज केंद्रीय औद्योगिक न्यायाधिकरणही आहे; महाराष्ट्रात ती मुंबईत आणि नागपुरात आहेत. औद्योगिक विवाद अधिनियमाखाली बडतर्फीचा वाद थेट नेण्याची मुदत ३ वर्षे होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेत ती २ वर्षांवर आली आहे. खासगी बँकेतल्या अधिकाऱ्याची याचिका फेडरल बँक विरुद्ध सागर थॉमस (२००३) या निकालापुढे सहसा टिकत नाही.

शिपायासाठी न्यायाधिकरण अनेकदा जास्त सोयीचे, कारण तिथे पुरावा नव्याने तोलता येतो आणि शिक्षाही कमी करता येते. उच्च न्यायालय तसे करत नाही. जानेवारी २०२१ मध्ये अजयकुमार श्रीवास्तव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्टेट बँकेचे अपील मंजूर करताना हेच सुनावले: थोडा जरी पुरावा असेल तर तो पुरेसा होता की नाही हे याचिकेत बघायचे नाही. नेगी 'पुरावाच नाही' या जागी चालतो, 'पुरावा कमी आहे' या जागी नाही.

न्यायाधिकरणात एक खाच आहे. चौकशी सदोष ठरली, तरी बँक तिथेच नव्याने पुरावा देऊ शकते. शंभूनाथ गोयल विरुद्ध बँक ऑफ बडोदा (१९८३) प्रमाणे ती मागणी बँकेने सुरुवातीच्या कैफियतीतच करावी लागते. म्हणून कर्मचाऱ्याच्या वकिलाने बँकेची पहिली कैफियत आली, की तो परिच्छेद आहे का ते आधी पाहावे. आणि स्वतःच्या दाव्यात 'चौकशी सदोष' आणि 'निष्कर्ष विपर्यस्त' (म्हणजे पुराव्याला धरून नाही) हे दोन्ही मुद्दे वेगवेगळे घ्यावेत. पहिल्यावर जिंकले तर प्रकरण बहुधा पुन्हा पुराव्याच्या टप्प्यावर येते, दुसऱ्यावर जिंकले तर सहसा संपते.

मागील पगाराचे, म्हणजे बडतर्फीच्या काळातल्या पगाराचे, कलमही दाव्यातच हवे. दीपाली सुर्वसे या महाराष्ट्रातल्या शिक्षिकेच्या प्रकरणात २०१३ मध्ये ठरले, की बेकायदा बडतर्फी रद्द झाली की पूर्ण मागील पगार हा साधारण नियम. पण मधल्या काळात कुठेही पगारी काम नव्हते हे कर्मचाऱ्याने आधी सांगायचे, मग ते खोटे ठरवण्याचा भार मालकावर. अलाहाबाद बँकेच्या तिवारी प्रकरणात (२०१७) निम्माच मिळाला. प्रतिज्ञापत्रात तारखांसह लिहावे: केव्हापासून बेरोजगार, घर कशावर चालले, मध्ये शिकवण्या किंवा विम्याची एजन्सी केली असेल तर त्याचे उत्पन्न किती. लपवलेली एजन्सी बँक आयकर विवरणपत्रातून शोधून काढते, आणि मग पगारासोबत बाकीच्या म्हणण्यावरचा विश्वासही जातो.